राखून ठेवलेलं नाव

शुक्रवार, ३ ऑक्टोबर

१४ सप्टेंबरला मी इथे लिहिलं आहे, "अ‍ॅनिसने आज आम्हाला नाव दिलं." हे चूक आहे. ते वाक्य मी आज एका रेघेने खोडलं, खालची अक्षरं वाचता येतील असं. मला लिहायला माझ्या थोरल्या बहिणीने, अ‍ॅनिसनेच शिकवलं, आमच्या जेवणाच्या टेबलावर, मी दहा वर्षांची होईपर्यंत. शाळेची बस आमच्या रस्त्याला येत नव्हती, आणि माझी छाती नाजूक होती. चूक गिरवून काळी करायची नाही, हा तिचा नियम. आपण कुठे घसरलो ते दिसायला हवं.

खरं झालं ते असं. बाळ आठवड्याचं होतं. मी पलंगावर पडून होते आणि माझी बहीण लंगोटांच्या घड्या घालत होती. मी म्हणाले, "नावाचं तू सांग, अ‍ॅनिस. तू नको म्हणालीस तर नको." तिने हातातली घडी पूर्ण केली, दुसरा लंगोट घेतला आणि म्हणाली, "घे वापरायला. दुसरं कोण वापरणार आहे आता?" मला रडू आलं. तिने माझ्या डोक्यावर हात ठेवला. ती गेल्यावर मी "दिलं" असं लिहून मोकळी झाले. पण वापर म्हणणं म्हणजे देणं नव्हे. तेव्हापासून हे मला टोचतं आहे.

दुरुस्ती करायची तर मागचंही नीट लिहायला हवं. डॅडींना आम्ही दोघी मुलीच. त्यांना भाऊ नाही. म्हणजे टार्प्ली हे आडनाव डॅडींबरोबर संपतं. अशा वेळी आमच्याकडे काय करतात ते सगळ्यांना ठाऊक आहे. मुलीचं आडनाव लग्नात जातं आणि तिच्या पहिल्या मुलाचं नाव होऊन परत येतं. अ‍ॅनिसच्या नवऱ्याचं नाव गेन्स, ते त्याच्या आईचं आडनाव. चर्चमधल्या निम्म्या पुरुषांना हाक मारली की त्यांच्या आजोळाला हाक मारल्यासारखं होतं.

अ‍ॅनिस बारा वर्षांची असताना तिने जेवताना जाहीर केलं की टार्प्ली तिच्या मुलासाठी, आणि घरात कोणी वाद घातला नाही. मी तेव्हा उंच खुर्चीत बसून भात सांडत होते. आता ती छत्तीसची आहे. नऊ वर्षांपूर्वी तिला मुलगा झाला, तो पोटातच गेलेला होता. नंतर दोनदा दिवस राहिले, टिकले नाहीत. आता डॉक्टरांनी पुन्हा नको म्हणून सांगितलं आहे. म्हणून सगळे म्हणतात, लेनोराच्या, म्हणजे माझ्या, मुलाला ठेवा.

दवाखान्यात नाव विचारलं तेव्हा मी नंतर कळवते म्हणाले. बाळ अजून नुसतं "किर्कलँड यांचा मुलगा" आहे. माझा नवरा डेल म्हणतो, "त्याला काय करायचंय नावाशी? त्याला दुधाशी मतलब." डेल भुईमुगाच्या शेंगांच्या गोदामावर कामाला आहे आणि हंगाम जोरात आहे. घरी येतो तेव्हा त्याच्या पापण्यांवरसुद्धा माती असते.

बाळ उठलं.


सोमवार, ६ ऑक्टोबर

काल चर्चनंतर सगळे डॅडींकडे जेवायला. ऑगस्टा आत्या एक निळी पेटी घेऊन आली आणि तिने ती माझ्या ताटातच ठेवली. आत बाळासाठी चांदीचा कप. त्यावर वळणदार अक्षरांत पूर्ण नाव कोरलेलं, टार्प्ली.

"आत्या, अजून नक्की नाही," मी म्हणाले.

"चांदीवर आलंय म्हणजे नक्की झालंय, बाई."

डेल म्हणाला, "मिस ऑगस्टा, आमच्यात पोरांची नावं बायबलातून येतात, नाहीतर बेसबॉलमधून."

"ते दिसतंच. किर्कलँड नावात वाईट काही नाही रे. फक्त पेकानचं कुठलंही झाड हलवलं तर चार-पाच खाली पडतात."

डेल सगळ्यांत जास्त हसला. नंतर त्याने कोंबडीचा तुकडा घेतला नाही, मी पुढे केला तरी. त्याला गोदामावर फार धूळ खावी लागते, भूक मरते.

कप टेबलभर फिरला. अ‍ॅनिसने तो खिडकीकडे धरला, अंगठ्याने पुसला आणि म्हणाली, "अक्षरं छान आहेत." मग पावाचं बघते म्हणून आत गेली. पाव टेबलावरच होते. ती बराच वेळ आली नाही. स्वयंपाकघराच्या मागच्या बाजूला वारा येतो, तिला तिथे बरं वाटत असेल.


गुरुवार, ९ ऑक्टोबर

फार लिहिण्याइतकी शक्ती नाही. चिलटं जाळीतूनही आत येतात. बाळ छातीशी झोपतं आणि खाली ठेवलं की उठतं. काल मी उभ्या उभ्या जेवले आणि काय जेवले ते आठवत नाही.

एक गोष्ट मात्र लिहून ठेवते. अ‍ॅनिस रोज फोन करते आणि बाळाची चौकशी करते. "साहेब कसे आहेत?" "राजे प्यायले का?" "त्याचं पोट?" नावाने एकदाही नाही. डॅडी आणि आत्या तर नाव दर वाक्यात घालतात. मी डेलला हे म्हणाले तर तो म्हणाला, "तू तरी कुठे घेतेस?" खरं आहे. मीही "बाळ" म्हणते. मी परवानगीची वाट बघते आहे. ती कशाची बघते?


सोमवार, १३ ऑक्टोबर

डॅडी आले होते. पायरीवर बसून त्यांनी टोपलीभर पेकान फोडले. ते एका हातात दोन घेऊन एकमेकांवर दाबून फोडतात, अडकित्ता वापरत नाहीत. बाळ त्यांच्या पायांपाशी टोपलीत.

बाप्तिस्म्याचं ठरलं. सर्व संतांचा रविवार, म्हणजे २ नोव्हेंबर. अ‍ॅनिस धर्ममाता. आमच्या चर्चमध्ये धर्ममाता बाळाला हातात घेते, पाद्री म्हणतात, "या बाळाचं नाव सांगा," आणि ती मोठ्याने सांगते. म्हणजे तेव्हा तरी तिला ते म्हणावंच लागेल.

मी विचारलं, "डॅडी, अ‍ॅनिसला खरंच चालतंय ना?"

"अ‍ॅनिस समंजस आहे. तेव्हाही तिने समंजसपणा दाखवला."

"केव्हा?"

"नेहमीच." त्यांनी बोटाने कवच बाजूला सारलं. "चांगलं नाव आहे, पोरी. जपून ठेवलं आपण. कोरं ठेवलं."

त्यांना केवढा अभिमान आहे ते मला कळतं. मी आणखी विचारलं नाही. डॅडींना एकच गोष्ट दोनदा विचारायची नाही आणि उत्तर देताना "सर" म्हणायचं, हे आम्ही लहानपणीच शिकलो.


शनिवार, १८ ऑक्टोबर

आज डोथनला अ‍ॅनिसकडे गेले होते, बाप्तिस्म्याचा झगा घेऊन. त्याला तिच्यासारखी इस्त्री कोणालाच जमत नाही. तो आमच्या घरातला जुना झगा, डॅडींनीही घातलेला. अ‍ॅनिस वीतभर वीतभर पुढे सरकत होती आणि बाळ गेन्सच्या खांद्यावर होतं.

मी म्हणाले, "आपण एकदा म्हणून बघू या का? मी पाद्री होते. या बाळाचं नाव सांगा."

"माझं काम मला ठाऊक आहे, लेनी."

"एकदाच. म्हणजे माझी काळजी मिटेल."

"इस्त्री गरम आहे. बोलताना झगा करपला तर आत्या मला पुरून टाकेल."

तीनदा विचारलं. शेवटी ती पाणी आणायला गेली, आणि शिंपडायचं भांडं तर भरलेलंच होतं. निघताना गेन्स बाळाला घेऊन गाडीपर्यंत आला. तो सावकाश बोलणारा माणूस आहे.

"लेनोरा, तिला ते म्हणायला लावू नकोस."

"पण एकदा तरी म्हणू दे. म्हणजे मला कळेल की तिला चालतंय."

"ती म्हणते ना. दर आठवड्याला म्हणते. तुझ्या मुलाला नाही, एवढंच."

मला कळलं नाही. मग त्याने बाळाला माझ्याकडे दिलं, दोन्ही हात खिशात घातले आणि सांगितलं.

त्यांच्या मुलाचं नाव त्यांनी ठेवलं होतं. तो जन्मायच्या आधीच ठेवलं होतं, आणि तसा तो आल्यावरही बदललं नाही. डॅडी दवाखान्यात आले. गेन्सला व्हरांड्यात बाजूला घेऊन म्हणाले, "दगडावर नाव घालू नका. लहानग्याच्या दगडावर गेलेलं नाव पुढे कोणी जिवंत मुलाला ठेवत नाही. पुढच्यासाठी राहू दे." आणि गेन्सने आत जाऊन ते अ‍ॅनिसला सांगितलं.

"मी सांगितलं तिला," तो म्हणाला. "ते नव्हे, मी. आम्हाला दोघांनाही वाटलं, पुढचा येईल. डॅडी काही वाईट बोलले असं तेव्हा वाटलं नाही. शहाणपणाचंच वाटलं."

बेथेलच्या स्मशानभूमीत आमच्या लोकांच्या मागे तो लहान दगड आहे. "मोझली यांचा मुलगा," एवढंच, गेन्सच्या आडनावाने, आणि तारीख. मी सोळा वर्षांची होते. मला गोवर होता, म्हणून दफनाला नेलं नव्हतं. मी तो दगड नऊ वर्षं पाहते आहे आणि मला कधी वाटलं नाही की त्याला नाव असेल. अ‍ॅनिस डोथनहून येताना नेहमी बेथेलवरून का येते, तो रस्ता लांबचा असूनही, हेही मी कधी विचारलं नाही. ती म्हणायची, तिकडच्या अझेलियाच्या फुलझाडांना पाणी लागतं.


रविवार, १९ ऑक्टोबर

चर्चला गेले नाही. अंगात कसर आहे असा निरोप पाठवला. नव्हती.


बुधवार, २२ ऑक्टोबर

अ‍ॅनिस आली. गेन्सने तिला सांगितलं असावं, कारण ती आली ती झग्याची पेटी आपटूनच.

"आमच्या नवऱ्याला गाडीचं दार लावता येतं, तोंडाचं नाही."

"त्याच्यावर रागवू नकोस."

"रागवून झालं. आता तुझ्याकडे आले. तू नाव बदलायला निघाली असशील."

"निघालेच आहे. ते तुझ्या मुलाचं नाव आहे."

"बदलायचं नाही." ती जाळीच्या दाराशी उभी राहिली, माझ्याकडे पाठ करून. "नऊ वर्षं तो तिथे नावाशिवाय पडलाय, लेनी. कशासाठी? कोणाला तरी ते मिळावं म्हणून. आता तू घेतलं नाहीस तर तो उगाचच तसा राहिला. मग मी त्याला काय सांगू?"

"आणि घेतलं तर?"

"तर मी ऐकायची सवय करीन. होईल. वेळ लागेल."

बाळाला मी खांद्यावर थोपटत होते. मला एवढंच सुचलं, "दोघांनाही असू शकतं. दगडावरही घालू आणि यालाही ठेवू. बेथेलला जोसाया टार्प्ली चार आहेत."

"ते दाढ्या पिकवून गेले. ही वेगळी गोष्ट आहे."

"का?"

ती वळली. लहानपणी माझी वही तपासताना बघायची तशी बघत होती. "कारण तू तू आहेस. बाळ जांभई देऊन जरा थांबलं की तू त्याच्या नाकाखाली बोट धरतेस. लहान दगडावरचं नाव घेऊन तू याला रोज हाक मारणार? ताप आला की? ओढ्यावर खेळायला गेला की?"

मी बाळाला दुसऱ्या खांद्यावर घेतलं.

"तेच म्हणते मी," ती म्हणाली. कडू आवाजात नाही. तिने बाळाचा मोजा सरळ केला.

जाताना मी पायरीवर विचारलं, "त्याचं पूर्ण नाव काय होतं?"

"टार्प्ली जोसाया मोझली."

एका दमात म्हणाली, रोजच्या तोंडातलं म्हणावं तसं. म्हणजे डॅडींचं पूर्ण नावच, फक्त पुढेमागे केलेलं. बाळाने तिच्याकडे पाहिलं. ते कुठल्याही आवाजाकडे बघतं, त्याचा काही अर्थ नाही.


शुक्रवार, २४ ऑक्टोबर

दोन दिवस हेच डोक्यात. जे खरं आहे ते लिहिते.

मला भीती वाटते. बाळाला त्या नावाने हाक मारून पाहिली, खोलीत कोणी नसताना, आणि लगेच त्याची छाती वरखाली होते का ते पाहिलं. हा मूर्खपणा आहे हे मला कळतं. कळून उपयोग होत नाही.

दुसरं. मी वेगळंच नाव ठेवलं तर सगळे म्हणतील, बहिणीसाठी केवढा त्याग केला. खरं तर ती माझी सुटका असेल. आणि अ‍ॅनिसने नऊ वर्षं जे सोसलं ते फुकट जाईल. तिसरं. आहे तसं चालू दिलं, दगड कोरा आणि बाळ टार्प्ली, तर कोणी एक शब्दही बोलणार नाही. फक्त अ‍ॅनिस दर वेळी पावाचं बघायला आत जात राहील.

डेलला सांगितलं. तो बूट काढत होता. म्हणाला, "तुमच्या घरात नावाला फार जपतात. माणसांना वेळ मिळाला तर."

मला ते फार लागलं. मग तो न्हाणीत गेला आणि बराच वेळ पाणी वाजत राहिलं. आज सकाळी निघताना दाराशी थांबून म्हणाला, "काल मी दमलो होतो."

"मला ठाऊक आहे."

"माझ्या आजोबांचं नाव होतं एझरा. त्यांच्या आधीचा भाऊ एझरा, तो वर्षाचा होऊन गेला. त्याच्या पाठीवर हे झाले, यांनाही एझरा."

"त्यांच्या आईला भीती नाही वाटली?"

"कोण जाणे. आमच्याकडे नावं तेवढी नव्हतीच, लेनोरा. एक होतं ते पुन्हा घेतलं." त्याने टोपी घातली. "एकोणनव्वद वर्षं जगले आणि सगळ्यांना पुरून उरले. शेवटपर्यंत सासूबाईंशी भांडत होते, आणि सासूबाई कधीच गेल्या होत्या."

तो गेल्यावर मी हसले. कितीतरी दिवसांनी. मग मला वाटलं, बाळाचं नाव काय असावं हे मी डेलला अजून एकदाही विचारलेलं नाही. त्याला काही चालतं म्हणून.


सोमवार, २७ ऑक्टोबर

काल रात्री डेलला विचारलं. त्याने उशी सरळ केली. मग म्हणाला, "मधलं एझरा ठेवलं तर तुमच्या चांदीला चालेल का?" मी हो म्हणाले. मला वाटलं होतं तो काहीच मागणार नाही.

आज दुपारी बाळाला घेऊन बेथेलला गेले. चालत. थंडी अजून नाही, नुसतं ऊन सौम्य झालं आहे. शेंगा उपटून उलट्या पसरलेल्या शेतांचा वास स्मशानभूमीपर्यंत येतो. आमचे सगळे तिथे रांगेत आहेत, उंच दगड, मधोमध नीट कोरलेले. मागचा लहान दगड मात्र ओबडधोबड वाटला. अक्षरं पार खालच्या बाजूला ढकललेली आहेत आणि वरचा अर्धा भाग मोकळाच. कोरणाऱ्याचा अंदाज चुकला असावा. अ‍ॅनिससारख्या नीटनेटक्या बाईने ते तसं कसं चालवून घेतलं याचं मला नवल वाटलं.

मी तिथे उभी राहून नाव म्हणाले. आधी त्याला, पूर्ण. मग माझ्या मुलाला. बाळ झोपेत होतं. मी त्याच्या नाकाखाली बोट धरलं नाही. धरावंसं वाटलं, हेही लिहिते.

परत येताना हात दुखून आले होते. घरी येऊन मी त्याला टार्प्ली म्हणून हाक मारली आणि त्याचा लंगोट बदलला. काही झालं नाही.


बुधवार, २९ ऑक्टोबर

डॅडींना दुपारी जेवायला बोलावलं. चवळी, मक्याचा पाव, टोमॅटो. त्यांचा पहिला घास होऊ दिला आणि मग सगळं एका दमात सांगितलं, नाहीतर मला सांगता आलं नसतं. अ‍ॅनिसच्या मुलाचं नाव दगडावर घालायचं. तेच नाव माझ्या मुलाला ठेवायचं. घराण्याचं म्हणून नाही, त्याच्या भावाचं म्हणून.

"हे गेन्स बोलला वाटतं," डॅडी म्हणाले.

"अ‍ॅनिसही बोलली."

"मी तिच्या भल्यासाठीच सांगितलं होतं."

"हो, सर."

"लहानग्याच्या दगडावरचं नाव तू तुझ्या मुलाला ठेवणार?"

"हो, सर."

"तुला भीती नाही वाटत?"

"वाटते."

त्यांनी मिठाची कुपी जागेवरून उचलली आणि परत तिथेच ठेवली. "ऑगस्टाला काय सांगायचं?"

"काही नाही. तिचा कप आहे तसा चालेल."

मला वाटलं ते हसतील. हसले नाहीत. मग मी मुख्य गोष्ट विचारली. सर्व संतांच्या रविवारी आमच्याकडे आधी गेलेल्यांची नावं वाचतात आणि नंतर बाप्तिस्मा होतो. ती नावं वाचायचं काम कितीतरी वर्षं डॅडींचंच आहे. मी म्हणाले, "या वेळी त्याचं वाचाल?"

"मला जी नावं देतात ती मी वाचतो."

"मी देते आहे ना."

त्यांनी पावाचा एक तुकडा मोडला. मग म्हणाले, "काय ठेवलं होतं तिने? पूर्ण?"

"तुम्ही विचारलं नव्हतं?"

"नाही."

"टार्प्ली जोसाया मोझली."

डॅडींनी हातातला पावाचा तुकडा परत ताटात ठेवला. जेवण छान झालंय म्हणाले आणि उठले. चवळी तशीच राहिली. टोपी खुंटीवरच. मी टोपी घेऊन मागे धावले तर ते गाडीत बसले होते, दोन्ही हात स्टिअरिंगवर, आणि गाडी सुरू नव्हती. मला वाटलं बॅटरी गेली. डेलला फोन करू का म्हणून मी पायरीवरून ओरडून विचारलं. त्यांनी नको म्हणून मान हलवली. मी टोपी घेऊन तिथेच उभी राहिले. पुष्कळ वेळाने गाडी सुरू झाली आणि ते टोपी न घेताच गेले.

हो की नाही, ते काही म्हणाले नाहीत.


शनिवार, १ नोव्हेंबर

डॅडींचा तीन दिवस फोन नाही. मी केला तर त्यांच्याकडची कामवाली म्हणाली, बागेत आहेत. आज पुन्हा केला, तेव्हाही बागेत. या दिवसांत बागेत काही काम नसतं.

अ‍ॅनिसला मी सगळं सांगितलं. डॅडींना मी काय म्हणाले, त्यांनी काय विचारलं, उद्या चर्चमध्ये मी काय करायचं ठरवलं आहे, सगळं. मी म्हणाले, "तू नको म्हणालीस तर मी नाही करणार. या वेळी नीट सांग. वापर वगैरे नको."

फोनवर तिच्याकडचा पंखा ऐकू येत होता.

"त्यांनी पूर्ण नाव विचारलं?" ती म्हणाली.

"हो."

"बरं." मग म्हणाली, "लेनी, उभी राहशील तेव्हा गुडघे आवळून उभी राहू नकोस. चक्कर येते. आणि हळू बोलू नकोस. तू नेहमी शेवटचा शब्द गिळतेस."

"म्हणजे हो?"

"म्हणजे हो. आणि झग्याची खालची झालर मी उद्या तिथे येऊन पुन्हा दाबणार आहे. तू काही त्याला हात लावू नकोस."

ती बाळाला हातात घेणार आहे. पाद्रींनी विचारल्यावर तिला नाव म्हणता आलं तर ती म्हणेल, नाही आलं तर मी शेजारीच असेन. त्याची मला आता काळजी वाटत नाही. काळजी त्याच्या आधीची आहे.

मी फार दमले आहे. आज दुपारी उभ्या उभ्या डोळा लागला आणि चुलीवरचं दूध उतू गेलं. डेल म्हणतो, उद्या सकाळी बाळाला तो सांभाळेल, मी नुसतं अंग धुऊन तयार व्हायचं. त्याने आपले चर्चचे बूट काढून दाराशी ठेवलेत, आत्तापासून.

डॅडी उद्या आमच्या नेहमीच्या बाकासमोरून पुढे जातील आणि वाचायला लागतील. त्यांनी ते नाव वाचलं तर मी बसून राहीन. नाही वाचलं, तर शेवटचं नाव झाल्यावर पाद्री जरा थांबतात, कोणाला आणखी एखादं सांगायचं असेल म्हणून. त्या वेळी सहसा कोणी उठत नाही. मी उठेन. अ‍ॅनिसच्या मुलाचं नाव सांगेन, तिन्ही शब्द, शेवटचा न गिळता, डॅडी समोर असताना. मग बाप्तिस्म्याच्या कुंडाकडे जाऊ, आणि माझ्या मुलाला त्याच्या भावाचं नाव मिळेल.

उद्या. रविवार, २ नोव्हेंबर.